रास उघडी असताना

माहुलीच्या सुळक्यांमागून ढग वर चढताना दिसले, तेव्हा संजीवनी पिशवीची चेन लावत होती. पिशवीत चार्जर, पाण्याची बाटली आणि घडी न मोडलेली ओढणी. फाट्यावरून शहापूरची गाडी धरायची, कॉम्प्युटर क्लासच्या मागच्या खोलीत दार लावून बसायचं आणि दुपारी स्पॅनिशची तोंडी परीक्षा द्यायची, असा तिचा बेत होता. आठवडाभर तिने तो मनात घोळवला होता, पण कुणाजवळ तोंडाने काढला नव्हता. काढला असता तर मोडला असता, असं तिला वाटे. न काढताही मोडणार, हे आता आभाळ सांगत होतं.

तिची सासू भागीबाई ओटीवर उभी राहून वर बघत होती. नोव्हेंबर सरत आला होता. वारवलेलं भात खळ्यावर ताडपत्रीखाली पडून होतं, आणि अवकाळी सरीला ताडपत्रीची काय भीडभाड.

"रास आजच मोजायची," भागीबाई म्हणाली. "मापाला धाऊला सांगावा धाड."

"आई, आज माझी परीक्षा हाय. शहापूरला जायचं होतं."

भागीबाईने तिच्या पिशवीकडे पाहिलं. "पयलं सूप सुनेच्या हातचं असतं. आनि रास उघडी असताना घरचं मानूस शीव वलांडत नाय. हे तुला मी सांगायचं?"

सांगायची गरज नव्हती. संजीवनी त्याच रिवाजात वाढली होती. तिने पिशवी खुंटीला अडकवली. पिशवी एकदा खाली पडली. पुन्हा उचलून अडकवली.

ही परीक्षा पुढे ढकलता येण्यातली नव्हती. ठाण्यातल्या एका कंपनीला स्पॅनिश बोलणारी माणसं हवी होती. परदेशातल्या हॉटेलांची गिऱ्हाइकं फोनवर अडचणी सांगणार, त्या निवारायच्या. काम शहापूरच्या क्लासात बसूनही करता येणार होतं. पहिल्या खेपेला संजीवनी नापास झाली होती. दुसरी खेप आजची, आणि तिसरी खेप कंपनी देत नव्हती. घरातही ठरून गेलं होतं: सुगी उरकली की सोमवारपासून तिने हायवेवरच्या गोदामात पॅकिंगला जायचं. गोदामाच्या बायकांची ने-आण करणाऱ्या रितेशची इको गाडी उजाडायच्या आत दाराशी येणार आणि दिवेलागणीनंतर आणून सोडणार. दिवसभर खोक्यांना चिकटपट्ट्या लावून आल्यावर क्रियापदं कोण घोकणार? न वापरलेल्या विळ्यासारखी ती वर्षभरात गंजून जातील, हे तिला पक्कं ठाऊक होतं.

संजीवनी मूळची मुरबाडकडची, टोकावड्याच्या पलीकडे डोंगराला चिकटलेल्या एका पाड्यावरची. तिथल्या कमळू शेतकऱ्याची थोरली लेक. मुरबाडच्या कॉलेजातून बी.ए. होऊन आटगावच्या या अंगाला सून म्हणून आली आणि शहापूरला त्या कॉम्प्युटर क्लासात तुटपुंज्या पगारावर पोरांना टायपिंग शिकवू लागली. तिथेच एका संस्थेने गावातल्या मुलींसाठी परकी भाषा फुकट शिकवायचं काढलं. जर्मनच्या जागा आधीच भरल्या होत्या. उरली स्पॅनिश. "ती कुठं बोलतात?" असं तिच्या नवऱ्याने, किशोरने, विचारलं होतं, आणि तिलाही तेव्हा नीट सांगता आलं नव्हतं.

शिकवायला होती मनस्वी. कल्याणची, संजीवनीहून लहान, फोनच्या पडद्यावर सतत केस मागे सारणारी. तिने पहिल्याच आठवड्यात बजावलं की या भाषेचा सगळा जीव क्रियापदात आहे. मी, तू, तो, आम्ही, तुम्ही, ते: सहा जणांना सहा रूपं, आणि काळ बदलला की सहाही नवी. कर्ता बोललाच नाही तरी चालतं, शेपटीवरून माणूस ओळखायचा.

संजीवनीने ती आवणीच्या चिखलात पाठ केली. राबातून उपटलेल्या रोपांची मूठ डाव्या हातात, उजव्याने एकेक चूड खोचायचा आणि चुडागणिक एक रूप. बोलण्याचं क्रियापद घेतलं की आब्लो, आब्लास, आब्ला. हात न थांबवता पुढे आब्लामोस, आब्लाइस, आब्लान. मग मागे सरकून दुसरं क्रियापद. 'असणे' आणि 'जाणे' ही क्रियापदं मात्र लाडावलेल्या थोरल्या पोरांसारखी, कुठल्याच नियमात न बसणारी. ती आली की तिची ओळ वाकडी जायची.

"काय गो, रोपांना मंत्र घालतेस का?" शेजारची शकू बांधावरून विचारी. "माझ्या पन खाचरात ये मंग."

"रोपांना कशाला, सासूला घालत असंल," भागीबाई मान वर न करता म्हणे.

हसत-खेळत दीड वर्ष गेलं. भूतकाळ झाले, भविष्यकाळ झाला. आणि मग मनस्वीने 'सुबहुन्तीवो' काढलं.

जे घडलं नाही पण घडावं असं वाटतं, जे होईल की नाही ठाऊक नाही, ज्याची धास्ती आहे, त्या सगळ्यासाठी क्रियापदाचा निराळा सूर. पाऊस पडतो हे वेगळं आणि पाऊस पडो हे वेगळं, तसंच काहीसं. रूपं करायला अवघड नव्हती. ज्यांच्या शेपटीत आ असे त्यांना ए मिळे आणि ए वाल्यांना आ. नणंद-भावजयींनी लग्नघरात साड्या बदलाव्यात तशी ती आपसात बदलत. 'आब्ला'चं 'आब्ले', खाण्याच्या 'कोमे'चं 'कोमा'. संजीवनीने पंधरवड्यात सगळे तक्ते तोंडपाठ म्हणून दाखवले. मनस्वी खूश झाली आणि म्हणाली, "आता तक्ता ठेवा बाजूला, ताई. तुम्हाला काय व्हावंसं वाटतं, ते सांगा."

संजीवनी पुन्हा तक्त्यातलंच एक रूप म्हणाली.

पहिल्या परीक्षेत हेच झालं. परीक्षक बाईने शेवटी विचारलं, येत्या वर्षात काय व्हावं अशी तुमची इच्छा आहे? संजीवनी म्हणाली, आमच्याकडे भात पिकतो. मग म्हणाली, माझा नवरा कामाला जातो. वाक्यं बिनचूक, आणि सगळी कोरडी ठणठणीत. निकालात लिहून आलं की उमेदवाराला भाषा येते, पण स्वतःविषयी बोलता येत नाही.

"खोटी इच्छा सांगा ना ताई," मनस्वी वैतागून म्हणाली होती. "समुद्राकाठी घर हवं म्हणा. त्यांना काय कळतंय?"

"खोटी पण तोंडातून येत नाही गं."

का येत नाही, ते संजीवनीने तिला सांगितलं नव्हतं. कल्याणच्या फ्लॅटात बसलेल्या पोरीला ते कसं सांगायचं? लहान असताना एकदा बापाच्या खळ्यावर, मापं चालू असताना, संजीवनी मोठ्याने बोलून गेली होती: लय भात झालं बाबा, आता मला सायकल आना. धान्य मोजताना बोलत नाहीत. पहिल्या मापाला एक न म्हणता लाभ म्हणतात, पुढचं मनातल्या मनात मोजतात, किती झालं हे कुणी कुणाला विचारत नाही, आणि मागणं तर कुणी काढतच नाही. मागितलं की रास आटते. त्या संध्याकाळी वळवासारखी सर आली आणि पोत्यात न गेलेलं भात भिजून त्याला मोड आले. बाप एवढंच म्हणाला, पोर हाय. पण आत्याने पुढे कधी तिला खळ्यावर येऊ दिलं नाही. तेव्हापासून संजीवनीने हवं ते तोंडाने मागितलं नव्हतं. कॉलेजात नाव घालायचंय हेसुद्धा प्रवेश झाल्यावर सांगितलं.

धाऊकाका, किशोरचा चुलता, पाड्यातला मोजणारा. त्या दिवशी ढग बघून सगळ्यांनाच त्याची घाई झाली होती. तो दुसऱ्यांची खळी उरकून या घरच्या खळ्यावर चढला तेव्हा दुपार झाली होती. परीक्षेची वेळ अगदी तोंडावर आली होती, आणि रेंज मिळायची तीही फक्त त्या खळ्यावरच. घर खालच्या खोलगटीत. तिथे फोन म्हणजे नुसता आरसा.

संजीवनीने पहिलं सूप भरून धाऊकाकाच्या पुढ्यात ठेवलं आणि धीर करून म्हणाली, "आई, मी हितंच त्या कोपऱ्याला बसून परीक्षा देते. हळू बोलीन."

"खळ्यावर बोलनार? मापं चालू असताना?"

"बोलू दे गो भागे," धाऊकाका पायली पुसत म्हणाला. "ती आपली बोली थोडीच हाय. देवाला काय कळतंय."

"देवाला आपलीच कळती असं तुला कुनी सांगितलं? त्यांच्याकडं पन शेतं असतीलच की."

"मंग देवाचा पन क्लास लावायला पायजे," शकू म्हणाली. ती पोती शिवायला आली होती.

किशोर पोत्याचं तोंड धरून उभा होता, रात्रपाळीच्या कामावरून चार दिवसांची सुट्टी टाकून. तो आईकडे बघत राहिला. भागीबाईने आभाळ पाहिलं, रास पाहिली, मग सून.

"बोल. पन भाताचं नाव काढायचं नाय. आनि मागायचं नाय. काय म्हंजे काय पन. रास पोत्यात जाईपर्यंत."

"बरं," संजीवनी म्हणाली.

म्हणून झाल्यावर तिला कळलं, आपण कशाला हो म्हटलं ते. परीक्षेचा शेवटचा प्रश्न मागण्याचाच असतो.

भागीबाईने राशीभोवती राखेची रेघ ओढली. धाऊकाकाने पहिली पायली भरली, बोटाने सपाट केली आणि "लाभ" म्हणाला. त्यानंतर खळ्यावर फक्त भात घसरल्याचा आवाज उरला. संजीवनीने पेंढ्याच्या भाऱ्याला फोन टेकवला, कानात हेडफोनची बोंडं घातली. पडदा उजळला. तीच बाई, पहिल्या खेपेची. पिकलेले आखूड केस, मागे पुस्तकांचं कपाट.

सुरुवातीचा भाग सरळ गेला. बाई गिऱ्हाईक झाली, तिचं सामान हरवलं, खोली चुकीची मिळाली, ती चिडली. संजीवनीने कुजबुजत्या आवाजात तिची समजूत काढली: आपण काळजी करू नये, सामान संध्याकाळपर्यंत मिळावं अशी आम्हाला आशा आहे. सुबहुन्तीवो ओठांवर न अडखळता येत होतं. हे मागणं नव्हतं, कामाची बोली होती. बाई दोनदा हसली. मग तिने चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"आता तुमच्याविषयी. येत्या वर्षात काय व्हावं असं तुम्हाला वाटतं?"

वारा फिरला. ताडपत्रीचं टोक फडफडलं आणि किशोरने त्यावर पाय दिला. संजीवनीला मनस्वीने शिकवलेलं समुद्राकाठचं घर आठवलं. पाठच होतं ते, शब्दन् शब्द. म्हटलं असतं तर इथे कुणाला काय समजणार होतं? तिने भागीबाईकडे पाहिलं. भागीबाई तिच्याकडे पाठ करून उभी होती, हातातल्या झाडूने पसरलेले दाणे राशीकडे ओढत. एकदाही वळून बघत नव्हती. सुनेने शब्द दिला होता, मग बघायचं कशाला?

बाईने प्रश्न पुन्हा विचारला, जरा सावकाश.

"तुम्ही थोडं थांबाल का?" संजीवनी स्पॅनिशमध्ये म्हणाली. "माझ्यामागे घरचं वर्षाचं धान्य मोजतायत. ते संपेपर्यंत मी काही मागू नये असं सासूबाईंना वाटतं. मी त्यांना शब्द दिलाय."

बाईच्या भुवया वर गेल्या. "किती वेळ लागेल?"

"माहीत नाही. ते विचारायचं नसतं."

"माझ्याकडे पुढचा उमेदवार आहे. तुमची वेळ संपली की मला वाढवता येणार नाही. समजलं ना?"

"समजलं."

"तो आवाज कशाचा येतोय?"

संजीवनीने भाताचं नाव घेतलं नाही. ओठांवर बोट ठेवलं. बाईने खुर्चीला पाठ टेकवली आणि मनगटावरचं घड्याळ सोडून समोर ठेवलं.

पायली भरत होती, रिकामी होत होती. धाऊकाकाचा हात नेहमीच्याच चालीने चालला होता. घाईत भरलेलं माप हलकं पडतं, आणि मोजणाऱ्याला घाई कर म्हणणं म्हणजे त्याच्या तोंडावर त्याला चोर म्हणणं. संजीवनी हे जाणून होती, तरी तिला वाटत होतं की जाऊन ती पायली त्याच्या हातातून हिसकावून घ्यावी. पेंढ्यावर एक थेंब पडला. फोनच्या काचेवर दुसरा. तिने तो ओढणीच्या टोकाने टिपला. किशोरने तिच्या मिटलेल्या तोंडाकडे पाहिलं आणि त्याचा चेहरा उतरला. पहिल्या खेपेसारखी पुन्हा अडली, असंच त्याला वाटलं. त्याने हातानेच खूण केली, बोल. तिने नकाराची मान हलवली. शकूने सुई धागा तसाच सोडून दोघांकडे आळीपाळीने पाहिलं.

रास गुडघ्याएवढी झाली. मग टोपल्याएवढी. पडद्यावरच्या बाईने घड्याळाकडे नजर टाकली.

शेवटी पायली खळ्याच्या जमिनीला खरवडली. धाऊकाकाने ती उपडी घातली, तिच्या बुडावर थाप मारली आणि म्हणाला, "उलगली." रास पुरी पोत्यात गेली होती. भागीबाईने उरलेली मूठभर पाखरांसाठी बाजूला टाकली. त्याबरोबर सगळे एकदम बोलायला लागले. पोती ओढा, ताडपत्री घ्या, सुतळी कुठं गेली, अरे आला बघ आला.

त्या गलक्यात संजीवनी मोठ्याने बोलली. कुजबुजायचं कारण उरलं नव्हतं.

"मी सोमवारी त्या गाडीत बसू नये. मी शिकले ते गंजून जाऊ नये. माझ्या नवऱ्याला रात्रपाळी करावी लागू नये. सासूबाईंचे गुडघे दुखतात, त्यांना ही चढण पाण्याचे हंडे घेऊन चढावी लागू नये. मला एक खोली असावी, तिला दार असावं, आणि आत मी काय बोलते ते कुणी चोरून ऐकू नये. मला कॉलेज आवडत होतं. मी पुन्हा काहीतरी शिकावं, आणि ते आधी सांगून शिकावं, आणि तुम्ही..."

मध्येच एक रूप चुकलं. नंतर आणखी एक. तिला कळलं, पण मागे सरकून पुन्हा खोचायला वेळ नव्हता. "आणि तुम्ही नाही म्हणू नये," असं तिने म्हटलं तेव्हा पडदा काळा झालेला होता. ते वाक्य पलीकडे पोचलं की वेळ आधीच संपली होती, ते तिला समजलं नाही.

सर आली ती पोती पडवीत पोचल्यावर. सगळे निथळत आत शिरले. धाऊकाका चहा घेऊन गेला, शकू गेली. भागीबाई चुलीपुढे पदर वाळवत बसली.

"किशोर सांगत होता, तू मधेच गप बसलीस."

"तुमी सांगितलं होतं, मागायचं नाय."

"मंग रास उलगल्यावर इतकं भडाभडा काय बोललीस?"

"मागितलं."

भागीबाईने चुलीतलं लाकूड आत सारलं. "काय मागितलंस?"

संजीवनीला वाटलं, आता सांगू नये. मग तिने एकेक करून सांगितलं, मराठीत, पहिल्यांदाच: गाडी, रात्रपाळी, गुडघे, दार असलेली खोली. चुकलेली रूपं मराठीत कुठे चुकत नव्हती, पण इथे ती जास्त जड लागत होती. गुडघ्यांचं आलं तेव्हा भागीबाईने पाय पदराखाली ओढून घेतले.

"गुडघे माझं मी बघीन," ती म्हणाली. आणि चुलीवर फुंकर घालून, "दार सागाचं महाग पडतं."

एवढंच. किशोर पलीकडे सुतळी गुंडाळत होता, तो गुंडाळतच राहिला.

सोमवार आला तरी कंपनीचा निरोप नव्हता. अंगणापलीकडे इकोचा हॉर्न वाजला. संजीवनीने डबा भरलेला होता, चपला घातलेल्या होत्या. ती उंबऱ्याशी आली तर भागीबाई तिच्या आधी गाडीपर्यंत पोचली होती.

"ती येनार नाय. दुसरं कोन तरी बघ."

"नोकरी लागली काय वयनीला?" रितेशने काच खाली करून विचारलं.

"नाय लागली."

"मंग?"

"मंग काय मंग. गाडी बंद कर नायतर हाल हितनं, पेट्रोल जळतंय."

गाडी वळून गेली. भागीबाई परत आली आणि सुनेच्या हातातला डबा काढून घेऊन झाकण उघडून बघत म्हणाली, "भाकर गरम हाय तर आत्ताच खाऊन घे."

त्या दिवसापासून संजीवनी दोन्ही वेळा खळ्यावर चढायची. म्हणायला पेंढा रचायला. फोन कमरेला खोचलेला. मनस्वी विचारायची, आलं का काही? नाही, आलं नाही. आता नाही आलं तर? गाडी परत बोलावता येणार नव्हती, आणि भागीबाईने रितेशला फिरवून लावलं ही गोष्ट पाड्यात चांगलीच फिरली होती. शकूने तोंडावर विचारलंच, सासूला मंत्र लागला वाटतं. संजीवनीला हसू आलं नाही.

बुधवारी, भारा डोक्यावर असताना, फोन थरथरला. तिने भारा टाकला. निरोप स्पॅनिशमध्ये होता. क्रियापदांच्या चुका दाखवल्या होत्या, त्या सुधाराव्यात असं म्हटलं होतं, आणि पुढच्या महिन्यापासून कामावर यावं असंही. तिने तो पहिल्यापासून पुन्हा वाचला. मग भागीबाई पेंढ्याच्या उडवीच्या पलीकडे होती तिथे जाऊन सांगितलं.

भागीबाईने हातातला पेंढा नीट रचून घेतला. खाली पायवाटेने शकू हंडा घेऊन चालली होती, तिकडे एकदा पाहिलं.

"एवढ्यात कुनाला बोलू नको," ती हळूच म्हणाली. "पयला महिना जाऊ दे."

"काय झालं गो?" शकूने खालून हाक दिली.

"काय नाय," संजीवनी म्हणाली आणि टाकलेला भारा उचलायला वाकली.